नेपथ्य करणाऱ्याने सिनेमाच्या आर्टमध्ये जावं का?

पडद्यामागचा
मी कोल्हापूरचा. कॉलेजपासून एकांकिकांचं नेपथ्य करतोय, फ्लॅट (लाकडी चौकटीची खोटी भिंत) ठोकण्यापासून रंगापर्यंत सगळं हातानं. आता एक मित्र मुंबईत मालिकेच्या आर्टमध्ये, म्हणजे सेट करणाऱ्या विभागात चिकटवतो म्हणतोय. घरचे विचारतात, म्हणजे नक्की काय करणार? मलाच सांगता येईना. प्रॉडक्शन डिझायनर आणि आर्ट डायरेक्टर एकच की वेगळे? आणि नेपथ्याचा अनुभव तिथं धरतात का?

हौशी_प्रेक्षक
पूर्वी सगळे आर्ट डायरेक्टरच. 1939च्या ‘गॉन विथ द विंड’मध्ये विल्यम कॅमेरॉन मेन्झिसचं काम सेटपुरतं उरलं नव्हतं, सिनेमा कसा दिसणार हेच तो चित्रं काढून ठरवत होता. प्रॉडक्शन डिझाइन हा शब्द त्याच्यापासून रुळला. ऑस्करवाल्यांनी विभागाचं नाव मात्र 2012 साली बदललं.

काव_आणि_गेरू
इतिहास बरोबर आहे, पण याला उद्या सेटवर उभं राहायचंय. म्हणून माझंही थोडं.

अकरा वर्षं आर्टमध्ये आहे. पहिला सिनेमा केला तेव्हा 1986 सालची चाळीतली खोली होती, गोरेगावात स्टुडिओच्या फ्लोअरवर उभारलेली. प्लायच्या भिंती, वर पीओपी, वर रंग. माझ्याकडे एजिंग आलं, म्हणजे कालच्या भिंतीला म्हातारं करायचं. चहाचं पाणी, काव, काजळी, थोडं खोबरेल. स्वयंपाकघराच्या चौकटीला हात लागून लागून जो तेलकट काळा पट्टा पडतो ना, तो काढण्यात अर्धा दिवस खपले. लावायचं, फडक्यानं पुसायचं, परत लावायचं. स्वतःवरच खूश होते.

संध्याकाळी डिझायनर आले. चौकटीशी उभं राहून चहा संपवला आणि विचारलं, “आजी किती उंच आहेत?”

आजीचं काम करणाऱ्या बाई जेमतेम पावणेपाच फूट. मी साडेपाच. डाग माझ्या हाताच्या उंचीला! जन्मभर त्या घरात मीच राहिल्यासारखा. रात्री बसून पुसला आणि वीतभर खाली नव्यानं काढला. त्याच्याही खाली एक लहानसा काढला, नातवाचा. तो मला कुणी सांगितला नव्हता.

पडद्यावर तो डाग दिसतो का? नाही, फोकसच्या बाहेर आहे. पण शॉटमध्ये बाईंनी आत वळताना हात टेकला तो नेमका तिथंच.

तर तुझ्या घरच्यांना हे सांग. त्या घरात कोण राहतं, किती वर्षं, पैसे कधी होते आणि कधी संपले, हे डिझायनर ठरवतो. आर्ट डायरेक्टर ते उभं करून घेतो. आपण असिस्टंट धावतो. लहान कामात तिन्ही एकाच माणसाच्या गळ्यात.

संहिता हातात आली की साल बघायचं. 1986च्या गोष्टीत स्कूटरवर ‘एमएच’चा नंबर दिसला की गेलं, ती पद्धत 1989च्या सुमाराची. 1970च्या पाकिटावर पिनकोड नको, तो 1972 साली आला. भिंतीवरचं कॅलेंडर त्याच महिन्याचं हवं, नाहीतर प्रेक्षक स्क्रीनशॉट काढायला बसलेलेच असतात.

नेपथ्याचा अनुभव अर्धाच चालेल. तुझा प्रेक्षक सगळ्यात जवळचा म्हटलं तरी पहिल्या रांगेत बसतो, इथं कॅमेरा भिंतीला नाक लावतो. मग तोच कॅमेरामन म्हणतो, ही भिंत काढा, मला मागे जायचंय. म्हणून कुठली भिंत निघेल हे ठोकायच्या आधी ठरवायचं. उजेडाचंही तसंच. सत्यजित रायांच्या ‘अपराजितो’मधल्या बनारसच्या घराचं अंगण डिझायनर बन्सी चंद्रगुप्तांनी कलकत्त्याच्या स्टुडिओत बांधलं होतं. कॅमेरामन सुब्रत मित्रांनी वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्याच्यावर मारून उजेड खाली उतरवला. उघड्या आभाळाचा वाटतो. डिझायनर आणि कॅमेरामन एकमेकांशी बोलत नसते तर ते अंगण नुसती खोली झालं असतं.

आणि कोल्हापूरचा आहेस तर बिचकतोस काय? बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवतच सिनेमात आले. त्यांच्याच महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेले साहेबमामा फत्तेलाल पुढे ‘प्रभात’चे सेट करायचे. पुण्यातल्या त्या स्टुडिओच्या जागेवर आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे आणि तिथं आर्ट डायरेक्शनचा कोर्सही आहे. जमलं तर त्याची परीक्षा दे.

पडद्यामागचा
ताई, खूप आभार. पण मालिकेत सासूच्या दिवाणखान्यात एजिंग कोण करून घेणार? तिथं सगळं कालच दुकानातून आणल्यासारखं असतं. आणि पैशाचं कसं?

काव_आणि_गेरू
नाहीच करून घेणार. मीही सुरुवातीला दीड वर्ष मालिकेत होते, प्लास्टिकच्या फुलांवरची धूळ झटकत. पण सुतार, मोल्डर, पेंटर यांच्यासोबत रोज बारा तास उभं राहायला मिळतं. रातोरात भिंत कशी उभी राहते ते तिथंच कळतं. सहा महिने काढ, मग सिनेमा शोध.

पैसे बहुतेक नव्वद दिवसांनी येतात, तेव्हा तीन महिन्यांचं खोलीभाडं घरून घेऊनच ये. एका निर्मात्यानं माझे दोन महिन्यांचे पैसे बुडवले, कारण सगळं तोंडी होतं. तू निदान व्हॉट्सॲपवर तरी लिहून घे. आणि चपला घालून सेटवर येऊ नकोस, खिळे सगळीकडे पडलेले असतात.