ग्रंथाचा कर्ता मोजून सापडतो का?

अक्षरगणती:
प्राचीन धर्मग्रंथ एकाने रचले की अनेकांनी, यावर पंडितांची भांडणं पिढ्यान्‌पिढ्या चालू आहेत. निकाल बहुतेक वेळा 'मला वाचताना तसं जाणवतं' यावर येऊन अडतो. माझं म्हणणं: जाणवणं पुरे, आता मोजा.

कल्पना नवी नाही. 1851 साली गणिती ऑगस्टस डी मॉर्गन यांनी एका पत्रात सुचवलं होतं, की बायबलमधलं 'इब्री लोकांस पत्र' ख्रिस्ती प्रेषित पौलाचंच आहे का हे ठरवायला शब्दांची सरासरी लांबी काढून बघा. खरं यश आलं 1964 मध्ये. संख्याशास्त्रज्ञ मॉस्टेलर आणि वॉलेस यांनी अमेरिकेतल्या फेडरलिस्ट निबंधांपैकी (नव्या राज्यघटनेच्या बाजूने हॅमिल्टन, मॅडिसन वगैरेंनी टोपणनावाने लिहिलेले) 12 वादग्रस्त निबंध मॅडिसनच्या पदरात टाकले, आणि तेही किरकोळ शब्द मोजून. हॅमिल्टन 'अपॉन' हा इंग्रजी शब्द सढळ हाताने वापरतो, मॅडिसन जवळपास नाहीच. असले शब्द लिहिणाऱ्याच्या लक्षातही नसतात, म्हणून नक्कल करणाऱ्यालाही साधत नाहीत.

आपल्याकडे म. रा. यार्दी यांनी महाभारताच्या चिकित्सित (अनेक पोथ्या ताडून सिद्ध केलेल्या) आवृत्तीवर असं काम केलं, अनुष्टुभातल्या, म्हणजे आठ अक्षरी चरणांच्या नेहमीच्या श्लोकातल्या, लघु-गुरूंची गणती करून. त्यांच्या हिशेबाने ग्रंथात पाच हातांचे थर दिसतात. पटत नसेल तर खोडून दाखवा. 'भावना दुखावल्या' हे उत्तर नव्हे.

पदच्छेद:
भावना राहू द्या. फेडरलिस्टचं उदाहरण देऊन तुम्हीच तुमच्या पायावर धोंडा पाडून घेतलाय. तिथे दावेदार दोन, दोघेही माहितीचे, दोघांचं निर्विवाद लेखन ढीगभर, विषय एक, काळ 1787-88, आणि सगळं छापील. आता व्यासांचं दुसरं एखादं निर्विवाद लेखन आणा, मग तुलना करू.

दुसरं, ज्या किरकोळ शब्दांवर तुमची भिस्त आहे ते संस्कृतात कोणते? च, तु, हि, वै, एव. चरण भरायला वापरतात ते हेच. चिकित्सित आवृत्तीच्या कोणत्याही पानाच्या तळाशी पाठभेद बघा: एका पोथीत 'च', दुसरीत 'तु', तिसरीत 'हि'. नक्कलकाराचा हात सगळ्यात सैल सुटतो तो इथेच. म्हणजे ज्याला तुम्ही कर्त्याची सही समजता, ती पुष्कळदा लेखनिकाची असते.

अक्षरगणती:
मुद्दा बिनतोड आहे, फक्त यार्दींना लागू नाही. त्यांनी लघु-गुरू मोजले, आणि च, तु, हि तिन्ही लघु. अदलाबदल झाली तरी मात्रेचा साचा हलत नाही.

अनुष्टुभात पाचवं अक्षर लघु, सहावं गुरू, सातवं विषम चरणात गुरू आणि सम चरणात लघु, हे नियमाने बांधलेलं. पण पहिली चार अक्षरं बरीचशी मोकळी. 'धर्मक्षेत्रे कुरुक्षेत्रे' घ्या: पहिली चारही गुरू. लगेच पुढचा चरण 'समवेता युयुत्सवः': लघु, लघु, गुरू, गुरू. दोन्ही नियमात बसतात. हजारो श्लोकांत कवी कोणत्या साच्याकडे जास्त झुकतो, हे तो ठरवून करत नाही. लेखनिकाचाही हात तिथवर पोचत नाही.

पदच्छेद:
लेखनिकाचा नाही पोचत, परंपरेचा पोचतो. सूतांच्या, म्हणजे कथा गाऊन सांगणाऱ्यांच्या, तोंडी तयार चरणांचा साठाच असे. रथ, बाण, क्रोध, शोक, प्रत्येकाला ठरीव चरण, आणि त्यातले कित्येक रामायण-महाभारत दोन्हीकडे जसेच्या तसे सापडतात. युद्धवर्णनात ते जास्त येणार, शांतिपर्वातल्या मोक्षधर्माच्या तात्त्विक चर्चेत कमी. मग शांतिपर्वाचा आलेख द्रोणपर्वाहून वेगळा आला, तर कवी बदलला की प्रसंग?

गीतेचाच अकरावा अध्याय बघा. विश्वरूपदर्शन सुरू झालं की पंधराव्या श्लोकापासून पन्नासाव्यापर्यंत सलग त्रिष्टुभ, म्हणजे अकरा अक्षरी चरण. मोजणाऱ्याला वाटेल दुसरा कवी आला. वाचणाऱ्याला कळतं की अर्जुन हादरलाय.

अक्षरगणती:
त्रिष्टुभ आणि अनुष्टुभ एकाच तागडीत घालण्याइतकं खुळं कुणीच नसतं हो.

शून्यप्रमेय:
संख्याशास्त्र शिकवतो, म्हणून राहवत नाही. दोघेही निम्मे बरोबर आहात.

या शास्त्राची सगळ्यात मोठी फजिती बायबलमध्येच झाली. 1960 च्या दशकात ए. क्यू. मॉर्टन यांनी ग्रीक पाठ संगणकाला घातला आणि जाहीर केलं, की पौलाची खरी पत्रं चारच: रोमकरांस, करिंथकरांस दोन, गलतीकरांस एक. वर्तमानपत्रांत गाजावाजा झाला. मग जॉन एलिसन यांनी तीच पद्धत जेम्स जॉइसच्या 'युलिसिस'ला लावली, तर त्याचे पाच लेखक निघाले! पुढे 1986 मध्ये अँथनी केनी यांनी बरेच जास्त निकष घेऊन मोजलं. त्यांना 12 पत्रं एकाच हातची असायला हरकत दिसेना, वेगळं पडलं फक्त तीताला लिहिलेलं. तेच ग्रीक, तीच पत्रं, आणि निकाल चार ते बारा.

कारणं गूढ नाहीत. फिलेमोनाला लिहिलेलं पत्र ग्रीकमध्ये 335 शब्दांचं. शैलीमापनात, म्हणजे असं मोजून कर्ता ओळखण्यात, भरवशाचा निकाल हवा तर साधारण 5000 शब्द लागतात, असं माचिय एडर यांनी वेगवेगळ्या भाषांत तपासून मांडलंय. 335 शब्दांत एखादा शब्द दोनदा आला की तीनदा, यावर कर्ता ठरवायचा? शिवाय 50 शब्द तपासा आणि 5 टक्क्यांची पातळी धरा (म्हणजे खरा फरक नसतानाही शंभरात पाच वेळा चुकून फरक दिसणार हे चालवून घ्या), दोन-तीन शब्दांत 'लक्षणीय फरक' नुसत्या योगायोगानेच निघेल. हे सांगितल्याशिवाय आलेख दाखवणाऱ्याला मी तरी पास करत नाही.

कोपरखळी:
युलिसिसचे पाच लेखक? मग मानधन कुणी लाटलं?

गोदातीर:
पौलाचं निघालंय म्हणून सांगते. रोमकरांस पत्राच्या सोळाव्या अध्यायात मध्येच एक जण स्वतः बोलतो, की हे पत्र लिहून घेणारा मी तर्तियस. पेत्राच्या पहिल्या पत्रात सिल्वानाचं नाव येतं. सांगणारा एक, लिहून घेणारा दुसरा. त्याला वाक्यरचनेची किती मोकळीक होती? तीताच्या पत्राला वेगळा लेखनिक मिळाला असेल तर केनींची गणतीही बरोबर आणि पौलाचं कर्तृत्वही बरोबर. आकडे या दोन शक्यतांत फरक करू शकत नाहीत.

अक्षरगणती:
म्हणजे काहीच कळत नाही, असंच म्हणायचंय का सगळ्यांना? हा बचाव फार सोयीचा आहे. उद्या शंभर टक्के फरक निघाला तरी 'लेखनिक बदलला' म्हणायला मोकळे.

शून्यप्रमेय:
नाही, कळतं. 2011 मध्ये मोशे कॉपेल आणि सहकाऱ्यांनी बायबलच्या जुन्या करारातल्या यिर्मया आणि यहेज्केल या दोन पुस्तकांचे तुकडे करून पत्त्यांसारखे पिसले आणि यंत्राला वेगळे करायला सांगितले. कोणता तुकडा कुठला हे आधी सांगितलं नव्हतं. एकाच अर्थाच्या हिब्रू शब्दांतून कोण कोणता निवडतो हा मुख्य आधार, आणि तुकडे जवळपास सगळे बिनचूक वेगळे झाले. त्यानंतर तीच रीत मोशेच्या पाच पुस्तकांना लावली. तिथे जी विभागणी आली ती अभ्यासकांनी आधी केलेल्या 'याजकीय' (पुरोहितवर्गाच्या) आणि 'बाकीच्या' विभागणीशी बऱ्याच अंशी जुळली. मला आवडला तो क्रम: आधी उत्तर माहीत असलेल्या ठिकाणी परीक्षा, मग वादाच्या ठिकाणी.

पदच्छेद:
हे मानतो. पण तिथेही दोन प्रवाह सिद्ध झाले, दोन माणसं नव्हेत. याजकांची एक अख्खी परंपरा पिढ्यान्‌पिढ्या एकाच वळणाने लिहू शकते.

तुळशीमाळ:
मी रोज पारायण करणारा माणूस. तुमच्या आकड्यांनी माझं काही बिघडत नाही, पण एक गंमत वाटते. पाच हात निघाले म्हणून कुणी हादरावं, असं महाभारतात लपवलंय काय? आदिपर्व उघडपणे सांगतं, की व्यासांनी रचलं, जनमेजयाच्या सर्पसत्रात वैशंपायनांनी ऐकवलं, ते ऐकून उग्रश्रवा सौतीने नैमिषारण्यात शौनकादिकांना सांगितलं. उपाख्यानं वगळून भारत 24,000 श्लोकांचं, हेही तिथेच आहे. ग्रंथ वाढत गेला हे ग्रंथानेच कबूल केलंय. एककर्तृत्वाचा हट्ट आपला, व्यासांचा नव्हे.

शून्यप्रमेय:
माळकरी बुवा, नेमकं बोललात. माझी शंका त्याच्याच पुढची. यार्दींच्या थरांना जी नावं आहेत, वैशंपायन, सूत, सौती वगैरे, ती ग्रंथातल्या या साखळीतून आली. लघु-गुरूंच्या गणतीतून फार तर 'हा गट त्या गटासारखा नाही' एवढं निघतं, नाव कधीच निघत नाही. गट पाचच का, चार किंवा सात का नाहीत, हेही पुष्कळसं मोजणाऱ्याने कापणी कुठे केली यावर असतं.

अक्षरगणती:
बरं, नावं सोडली. मग कॉपेलसारखी परीक्षा आपल्याकडेही घेऊ. कल्हणाची राजतरंगिणी, म्हणजे काश्मीरच्या राजांचा इतिहास, बहुतांशी अनुष्टुभात आहे. ती पुढे जोनराजाने आणि त्याच्यामागून श्रीवराने चालवली. प्रांत तोच, विषय तोच, छंद बराचसा तोच, आणि सांधे कुठे आहेत हे आपल्याला पक्कं माहीत. पहिल्या चार अक्षरांचे साचे मोजून ते सापडतात का बघू. पाठ संगणकात घालायचं काम माझ्याकडे.

पदच्छेद:
चालेल, पण मोजणाऱ्याला सांधे आधी सांगायचे नाहीत. आणि नुसते खरे सांधे सापडून भागणार नाही. कल्हणाचेच आठ तरंग, म्हणजे प्रकरणं, आहेत. पहिल्या काही तरंगांत दंतकथा, आठव्यात त्याच्या डोळ्यांदेखतचं राजकारण. तिथे तुमच्या यंत्राने तीन कल्हण काढले, तर महाभारतातल्या पाचांबद्दल माझ्याशी बोलू नका.

शून्यप्रमेय:
ही अट मी लिहून ठेवतोय. तुकडा किती श्लोकांचा घ्यायचा तेही आत्ताच ठरवा, निकाल बघून नाही.

अक्षरगणती:
दोनशे.

पदच्छेद:
तीनशे. आणि इतर वृत्तांतले श्लोक आधी वेगळे काढा.