मदत हवी आहे: वस्तीतल्या पोरांचं उन्हाळी शिबिर

नमस्कार मंडळी. पुण्यातल्या पर्वती पायथ्याच्या वस्तीतली 22 मुलं-मुली, वय 14 ते 17. काहींची शाळा सुटलीय, काहींची सुटायच्या बेतात. मेमध्ये पाच दिवस सिंहगडाच्या पायथ्याशी डोणज्याला न्यायचंय. शिधा जमलाय (शेंगदाणे तर नको तेवढे!). अडलंय ते बसपाशी. गेल्या वर्षीचा बसवाला आदल्या रात्री फिरला, शेवटी पीएमपीच्या शहर बसने स्वारगेटहून गेलो. खात्रीचा कुणी माहितीतला आहे का? मुली सात आहेत, तेव्हा मुक्कामाला दोन ताईही हव्यात. गेल्या वेळी गडावर पिठलं-भाकरी खाता खाता एकजण म्हणाला, "दादा, हा डोंगर पर्वतीवरून रोज दिसतो, पण आलो आजच." पैसे नकोत, माणसं सुचवा.