यानुझायचं नक्की बिनसलं कुठे?

राखीव_खेळाडू

लोकहो, विषय जुना आहे माहितीय, पण काल झोप येईना म्हणून जुन्या क्लिपा बघत पडलो होतो आणि 5 ऑक्टोबर 2013 ची सुंदरलँड विरुद्ध मँचेस्टर युनायटेड समोर आली. अदनान यानुझायची युनायटेडसाठी लीगमधली पहिलीच स्टार्ट. वय 18 वर्षं 8 महिने, पाठीवर 44 नंबर. युनायटेड पाचव्या मिनिटाला 1-0 मागे पडलेली, आणि आधीच्याच आठवड्यात घरच्या मैदानावर वेस्ट ब्रॉमकडून मार खाल्लेला, म्हणजे युनायटेडचा कोच मॉयेसचा चेहरा कसा असेल तो तुम्ही डोळ्यासमोर आणा. हाफटाइमनंतर एव्हराने डावीकडून पास दिला आणि ह्या पोराने उजव्या पायाने, म्हणजे त्याच्या कच्च्या पायाने, शांतपणे कोपऱ्यात सारला. सहा मिनिटांनी नानीचा क्रॉस ओ'शेने डोक्याने बाहेर काढला, तो नेमका ह्याच्याकडे, आणि ह्याने जमिनीला टेकायच्या आत डाव्या पायाने व्हॉली. 2-1. मी तो दुसरा गोल काल सात-आठ वेळा पाहिला असेन, बॉल खाली येईपर्यंत पोरगा अजिबात घाई करत नाही हो, नुसता वाट बघतो.

त्या महिन्यात लगेच पाच वर्षांचं कॉन्ट्रॅक्ट मिळालं, मग युनायटेडच्या दिग्गज गिग्जचा 11 नंबर मिळाला, पाच देश म्हणत होते आमच्याकडून खेळ. आणि मग...? मला खरंच कळत नाही हे कुठे अडलं. कोच, डोकं, देशांची भानगड की आपणच त्याला हरभऱ्याच्या झाडावर चढवला? ज्यांनी तो काळ नीट फॉलो केलाय त्यांनी सांगा.

ता.क. - मी अनेक वर्षं ह्याला जानुजाज म्हणत होतो. हसू नका.

डावखुरा_अकरा

हसत नाही, आम्ही सगळेच म्हणत होतो. अल्बेनियन भाषेत j म्हणजे य, म्हणून यानुझाय. आणि xh म्हणजे ज, म्हणजे स्वित्झर्लंडच्या ज्या Xhaka ला सगळे चाका-झाका म्हणतात तो मुळात जाका आहे. ते सोड.

माझं उत्तर सरळ आहे, कोच. आणि "कोच वाईट होते" असं नाही म्हणत मी, कोच बदलत गेले असं म्हणतोय, ह्यात फरक आहे. बघ, हा 2011 मध्ये 16 वर्षांचा असताना अँडरलेख्ट सोडून मँचेस्टरला आला, तो फर्ग्युसनच्या काळात. फर्ग्युसन मे 2013 ला निवृत्त. मग मॉयेस, ज्याने ह्याला खेळवलं, आणि खरं सांगू का, त्या रडक्या सीझनमध्ये (सातवा नंबर आला, आठवतंय ना) बघण्यासारखं जे काही होतं ते हेच पोरगं होतं. एप्रिल 2014 ला मॉयेसला नारळ. चार मॅचसाठी गिग्ज कोच. मग व्हान गाल. आता व्हान गालच्या टीममध्ये विंगरने काय करायचं तर बॉल सांभाळायचा, जागा सोडायची नाही, धोका घ्यायचा नाही, आणि हा पोरगा धोका घेतल्याशिवाय निम्मा पण उरत नाही. 11 नंबर पाठीवर घालून 2014-15 च्या लीगमध्ये एकही गोल नाही.

आणि पुढचं ऐक, हे मला आजपण पचत नाही. ऑगस्ट 2015, ॲस्टन व्हिलाच्या मैदानावर युनायटेड 1-0 जिंकली, गोल कुणाचा? यानुझायचा. आणि त्याच महिन्याच्या शेवटच्या दिवशी ह्याला लोनवर, म्हणजे उसना, जर्मनीतल्या डॉर्टमुंडला पाठवून दिलं! तिकडे कोच तुखेलकडे आधीच रॉइस, मखितार्यान, कागावा, म्हणजे ह्याच्या जागेवर बसायला पण रांग. जानेवारीत परत. 2016-17 ला परत लोन, आणि नशिबाची थट्टा बघ, मॉयेसकडेच, सुंदरलँडला. ज्या ग्राउंडवर दोन गोल मारून नाव झालं त्याच ग्राउंडवर अख्खा सीझन, लीगमध्ये गोल शून्य, टीम शेवटच्या नंबरवर राहून खालच्या लीगमध्ये घसरली. 18 ते 22, म्हणजे जेव्हा खेळाडू घडतो, ती सगळी वर्षं ह्या माणसाने बॅगा भरण्यात घालवली.

चिडका_बिब्बा

कोच बदलले पण पाय तेच होते ना? युनायटेडचाच रॅशफर्ड त्याच व्हान गालने 2015-16 ला वर आणला. 18 व्या वर्षी, पहिल्या दोन मॅचमध्ये चार गोल. कोच कारण असतो पण नेहमीच कोच कारण नसतो एवढंच म्हणणं आहे माझं. यानुझायचा वेग कमी होता, शरीर बारीक, एकदा डिफेंडरांना कळलं की हा आत वळणार की मग ते आधीच तिथे जाऊन उभे. नव्याचे नऊ दिवस.

डावखुरा_अकरा

वेग कमी होता हे मान्य. पण वेगाशिवाय आत वळणाऱ्यांनी करिअर केलीयेत की. त्यांना कुणीतरी दोन-तीन वर्षं सलग खेळवलं एवढाच फरक. रॅशफर्डचं म्हणशील तर अर्धी टीम जखमी होती तेव्हा म्हणून तो वर आला, ठरवून नाही.

नकाशेवाला

देशांच्या भानगडीचं मी सांगतो, कारण ह्यात सगळ्यात जास्त थापा तेव्हा मारल्या गेल्या.

यानुझायचा जन्म ब्रसेल्सचा, 1995. आईवडील कोसोव्होचे अल्बेनियन. वडील 1992 मध्ये बेल्जियमला निघून आले, युगोस्लाव्ह सैन्यात जबरदस्तीने भरती व्हायला लागू नये म्हणून. तेव्हा कोसोव्होची स्वायत्तता काढून घेतलेली (1989), शेजारी युद्ध पेटलेलं, आणि तिकडून हजारो कुटुंबं स्वित्झर्लंड, जर्मनी, बेल्जियमकडे निघालेली. म्हणजे हे काही करिअर प्लॅनिंग नव्हतं, जीव आणि पोरं वाचवणं होतं. शाचिरी (Shaqiri नाही वाचायचं, q म्हणजे च) हा स्विस खेळाडू त्याच लाटेतला, जन्म कोसोव्होतला, वर्षभराचा असताना स्वित्झर्लंडला. जाका भावांचे वडील तर त्याआधीच, 1986 ला, सरकारविरोधी निदर्शनात पकडले गेले आणि साडेतीन वर्षं तुरुंगात होते.

आता 2013 ला हा पोरगा कोणाकडून खेळू शकत होता? बेल्जियम, जन्मामुळे. अल्बेनिया, मुळामुळे. तुर्कस्तानचं नाव आजी-आजोबांवरून यायचं. कोसोव्हो मनातून, पण कोसोव्हो तेव्हा फिफामध्येच नव्हता, त्यांना मैत्रीपूर्ण मॅच खेळायची परवानगी मिळाली 2014 मध्ये, पहिली मॅच 5 मार्चला मित्रोवित्साला हैतीविरुद्ध, 0-0, आणि तीही झेंडा-राष्ट्रगीत नाही ह्या अटीवर. सदस्यत्व मिळालं थेट मे 2016 ला. म्हणजे 18 वर्षांच्या पोराने थांबायचं ठरवलं असतं तर किती थांबायचं हे कुणालाच सांगता येत नव्हतं.

आणि इंग्लंड. इंग्लंडचा जो गाजावाजा झाला तो तर फुसका बार. फिफाच्या नियमाने 18 नंतर पाच वर्षं त्या देशात राहायला लागायचं, म्हणजे 2018. पण ब्रिटनच्या चार असोसिएशनांचा आपसात करार आहे की 18 च्या आत पाच वर्षं शिक्षण त्या देशात झालेलं पाहिजे. हा आला 16 व्या वर्षी. दरवाजाच नव्हता, आणि लोक चावीवरून भांडत होते! त्यातच इंग्लंडचा खेळाडू जॅक विल्शर बोलून गेला की इंग्लंडकडून इंग्लिश माणसांनीच खेळावं, पाच वर्षं राहिलं म्हणून कुणी इंग्लिश होत नाही. त्यावर उत्तर द्यायला कोण आला माहितीय? केविन पीटरसन. जन्म दक्षिण आफ्रिका, इंग्लंडसाठी आठ हजारांवर टेस्ट रन. त्याने ट्विटरवर विचारलं की मग मी, स्ट्रॉस, ट्रॉट, प्रायर, मो फराह हे सगळे परदेशी का? क्रिकेटवाल्यांना हा मुद्दा एका ओळीत कळतो, फुटबॉलवाले महिनाभर चर्चा करत बसले.

शेवटी एप्रिल 2014 ला बेल्जियम. वर्ल्ड कपमध्ये दक्षिण कोरियाविरुद्ध उतरला आणि तिथे बेल्जियमचा कायमचा शिक्का बसला. नंतर 2020 ला फिफाने नियम सैल केला, 21 च्या आत तीनपर्यंत सामने खेळलेल्यांना देश बदलता येतो, पण वर्ल्ड कप किंवा युरो खेळलेल्यांना नाही. त्यामुळे ह्याला त्याचा उपयोग नव्हता.

माझं मत, ह्या निवडीने करिअर बिघडलं नाही. पण 18 व्या वर्षी रोज कुणीतरी "तू कोणाचा" विचारत असेल तर झोप किती लागत असेल, हा भाग आहे.

राखीव_खेळाडू

बापरे, हे इंग्लंडचं मला माहितच नव्हतं. मी तर तेव्हा इथेच कुठेतरी भांडलो होतो की त्याने इंग्लंड घ्यावं 😅

चिडका_बिब्बा

जाका भावांचा विषय निघालाच आहे तर फ्रान्समधलं लान्स, 2016 विसरू नका. युरोमध्ये अल्बेनिया विरुद्ध स्वित्झर्लंड, मोठा तौलांत अल्बेनियाकडून, धाकटा ग्रानित स्वित्झर्लंडकडून, आणि आई स्टँडमध्ये अर्धा अल्बेनियाचा अर्धा स्विस झेंडा शिवलेला टीशर्ट घालून. स्वित्झर्लंड 1-0. त्या बाईने त्या रात्री जेवताना कोणाकडे बघितलं असेल कोण जाणे.

धाकट्याने पुढे काय केलं बघा. स्वित्झर्लंडसाठी सगळ्यात जास्त मॅच त्याच्या नावावर, जर्मनीत लेव्हरकुझनबरोबर 2023-24 ला एकही मॅच न हरता लीग, आणि 2025 ला गेला कुठे? सुंदरलँड! ते ग्राउंड अल्बेनियन पोरांना सोडतच नाही. तर माझा मुद्दा तोच, त्याच्या पण डोक्यावर दोन देश होते, आर्सेनलमध्ये घरच्या प्रेक्षकांनी हुर्यो उडवली, कॅप्टनचा आर्म बँड गेला. तो टिकला. काहीजण टिकतात.

गुडघेदुखी

टिकणं-टिकणं काय लावलंय राव. ब्रोयाला विचारा.

अर्मांडो ब्रोया, जन्म इंग्लंडमधल्या स्लाऊचा, आईवडील अल्बेनियातून आलेले, लहानपणापासून चेल्सीच्या अकॅडमीत. ह्याने अल्बेनिया निवडलं, तेही लवकर, काही तमाशा न करता. नेदरलँड्सच्या व्हितेसला लोनवर जाऊन लीगमध्ये 10 गोल, मग साउथॅम्प्टनला प्रीमियर लीगमध्ये 6, उंचापुरा आणि पळायला लागला की डिफेंडर मागे लोंबकळतायत असं वाटायचं. सप्टेंबर 2022 ला चेल्सीने सहा वर्षांचं कॉन्ट्रॅक्ट दिलं. आणि डिसेंबरमध्ये, वर्ल्ड कप चालू असताना लीगला सुट्टी होती तेव्हा, अबू धाबीत ॲस्टन व्हिलाबरोबर एक फ्रेंडली, जिच्यात काही म्हणजे काही पणाला नव्हतं, त्यात गुडघ्याचं लिगामेंट तुटलं.

माझंही तेच लिगामेंट गेलंय, साध्या शनिवारच्या खेळात, म्हणून सांगतो. कुणी धक्का नव्हता दिला. वळलो, पाय जमिनीत राहिला आणि वरचं अंग फिरलं, आतून टक् असा आवाज आला, जो मलाच ऐकू आला पण मला वाटलं सगळ्यांनी ऐकला. ऑपरेशननंतर नऊ महिन्यांनी डॉक्टर म्हणाले पळ. पळता येतं हो. पण पूर्ण वेगात असताना अचानक वळायचं असतं ना, तेव्हा डोकं गुडघ्याला आधी विचारतं. तेवढा अर्धा सेकंद. माझ्यासारख्याला त्याने काय फरक पडतो, पण स्ट्रायकरचा धंदाच त्या अर्ध्या सेकंदाचा आहे.

ब्रोया परत आला, मग फुलहॅमला लोन, मग एव्हर्टनला लोन, तिकडे गेला तोच जखमी अवस्थेत, 2025 ला बर्नलीने विकत घेतला. युरो 2024 मध्ये अल्बेनियाकडून खेळला ते मात्र बघायला मजा आली. इटलीविरुद्ध बायरामीने 23 सेकंदात गोल ठोकला ती मॅच, युरोच्या इतिहासातला सगळ्यात फास्ट गोल, आणि तो बायरामी पण झ्युरिकचा, स्वित्झर्लंडच्या ज्युनियर टीममधून खेळून मग अल्बेनियाकडे आलेला. स्टेडियम डॉर्टमुंडचं आणि आवाज तिरानाचा.

मला म्हणायचंय काय की यानुझायला तरी पाय धड मिळाले. बिनसलं वगैरे मोठा शब्द आहे.

डावखुरा_अकरा

हे मात्र पटलं. आणि खरं म्हणजे 2017 नंतरचं आपण कुणीच बोललो नाही, जसा काही तो युनायटेड सोडल्यावर वारलाच. पाच वर्षं स्पेनमधला रिआल सोसिएदाद. सान सेबास्तियनसारखं गाव, बॉल पायात हवा असणारी टीम, सिल्वा-ओयार्झाबालबरोबर खेळायचं, वर 2020 चा कोपा देल रे, म्हणजे स्पेनचा कप, ज्याची फायनल कोरोनामुळे पुढे जात जात एप्रिल 2021 ला झाली, समोर शेजारचेच अॅथलेटिक, आणि 1-0. क्लबला 34 वर्षांनी मिळालेला कप. नंतर सेव्हिया जमलं नाही, इस्तंबूल, लास पाल्मास, तो उतार होता हे खरंय. पण त्याआधीची पाच वर्षं कुणी खोडायची नाहीत.

नकाशेवाला

आणि कालिनिनग्राद!! मी एवढं रामायण लिहिलं आणि सीता विसरलो. रशियातला वर्ल्ड कप 2018, एकाच ग्राउंडवर सहा दिवसांच्या अंतराने. 22 जूनला जाका आणि शाचिरी सर्बियाला गोल मारतात, दोघं हाताचे पंजे एकमेकांत अडकवून अल्बेनियन गरुड करून दाखवतात, फिफा दोघांना दहा-दहा हजार फ्रँकचा दंड लावते. आणि 28 जूनला बेल्जियम विरुद्ध इंग्लंड, तो इंग्लंड ज्याच्यावरून पाच वर्षांपूर्वी एवढा गोंधळ, 51 वं मिनिट, यानुझायने उजव्या बाजूने एकाला आत-बाहेर नाचवून डाव्या पायाने लांबच्या कोपऱ्यात वळवलेला बॉल. 1-0. त्याचा देशासाठीचा पहिला गोल. मॅचला काही अर्थ नव्हता, दोघंही पुढे गेलेलेच, अर्धे लोक तर म्हणत होते हरलेलं बरं, म्हणजे पुढचा ड्रॉ सोपा. ह्या पठ्ठ्याला तेवढं कुणी सांगितलं नसावं.

राखीव_खेळाडू

आत्ता लावून बघितला. पण त्यानंतर बेल्जियमच्याच बात्शुआयीने जे केलं ते कुणीच का नाही सांगितलं मला? गोल झाल्यावर आनंदाच्या भरात जाळ्यातला बॉल परत लाथाडला, तो पोस्टला आपटून ह्याच्याच थोबाडावर! मी आता ते सात-आठ वेळा बघतोय.