हारुको सुगिमुरा यांच्या दुय्यम भूमिका: सुरुवात कुठून करू?

तांबट: नमस्कार मंडळी. जुन्या जपानी चित्रपटांतल्या हारुको सुगिमुरा यांचं काम नीट बघायचं आहे. आई झोपली की साडेनऊ ते साडेअकरा एवढाच वेळ मिळतो. दोन तासांच्या आतला एकच सुचवा.

कुंभारवाडा: डोळे मिटून दिग्दर्शक ओझूचा 'टोक्यो स्टोरी' (१९५३). थोरली लेक शिगे. नवरा तिच्या आईवडिलांसाठी केक आणतो, तर एवढं महागाचं कशाला म्हणत स्वतःच खात बसते. आई जाते तेव्हा हमसून रडते आणि नंतर जेवताना तिचा किमोनो आठवण म्हणून मागते. दोन्ही तितकंच खरं वाटतं. असं काम फार कमी पाहिलंय.

दुपारचा_चहा: +१ 'टोक्यो स्टोरी'. डीव्हीडी जपून घ्या. माझ्या डीव्हीडीत सबटायटल्स मागे पडत होती आणि दुकानदाराने परतही घेतली नाही. सातशे रुपये गेले.

निवडुंग: दुय्यम नट म्हणजे ताकाशी शिमुरा! कुरोसावाच्या ३० पैकी २१ चित्रपटांत आहेत. १९५४ या एकाच वर्षात 'सेव्हन समुराई'चे म्होरके आणि 'गॉडझिला'तले प्राध्यापक. समुराई मी मोठ्या पडद्यावर पाहिलाय, २०७ मिनिटं जागचा हललो नाही.

कुंभारवाडा: त्यांना दोन तास आहेत हो. आणि शिमुरा दुय्यम कसे? 'इकिरू'त नायक आहेत.

निवडुंग: एका 'इकिरू'ने काय होतं? बाकीचे मोजा.

पाणकावळा: 'टोक्यो स्टोरी' १३६ मिनिटांचा आहे, बसणार नाही. 'लेट स्प्रिंग' (१९४९) १०८ मिनिटांचा. त्यात त्या नायिकेच्या (सेत्सुको हारा) आत्या. कामाकुराच्या देवळात पैशाचं पाकीट सापडतं, तर भाचीचं लग्न जमण्याचा शकुन म्हणून खोचून टाकतात आणि पोलीस दिसताच लगबगीने पुढे सटकतात. माझी आत्या हुबेहूब अशीच चालायची. बाई मूळच्या रंगभूमीवरच्या, १९३७ साली निघालेल्या बुंगाकुझा नाटक मंडळीच्या संस्थापकांपैकी. बोलताना त्यांचे हात बघत राहा.

दुपारचा_चहा: तरी 'टोक्यो स्टोरी'च. दोन रात्रींत बघा.

तांबट: सगळ्यांचे मनापासून आभार. आज मात्र नारुसेचा 'लेट क्रिसॅन्थेमम्स' (१९५४) लावतोय, १०१ मिनिटं. त्यात त्या व्याजाने पैसे देणारी जुनी गेशा आहेत. भूमिका दुय्यम नाही, मान्य. पण शिगेबद्दल वाचल्यावर या बाई पैशाशी कशा वागतात ते आधी बघावंसं वाटतंय. पाकीटवाल्या आत्या पुढच्या रविवारी.