मदत हवी आहे : स्ट्रीम बघूनही ड्रॉप्सची टक्केवारी पुढे सरकत नाही

नमस्कार मंडळी, मी नाशिकच्या सिडकोतून लिहितोय. धाकट्या भावाला त्याच्या गेममधला एक ड्रॉप हवाय, म्हणजे त्या गेमचं लाइव्ह प्रसारण (स्ट्रीम) ठरावीक वेळ बघितलं की मिळणारं बक्षीस. अट चार तास स्ट्रीम बघायची. दोन रात्री बघितली, पण आकडा ३७ टक्क्यांवरच अडकलाय. रविवारी मुदत संपते आणि पोरगं पार हिरमुसलंय.

गेमचं अकाउंट स्ट्रीम बघायच्या खात्यापासून तोडून पुन्हा जोडलं, अ‍ॅडब्लॉकर बंद केला. आधी तो दोन टॅबमध्ये दोन चॅनल लावायचा. एका वेळी एकाच चॅनलची मिनिटं धरली जातात हे कळल्यावर ते थांबवलं. टॅब म्यूट न करता प्लेअरचाच आवाज कमी ठेवला. आधीचा ड्रॉप क्लेम केलाय, चॅनलवर ड्रॉप्स चालू असल्याची खूणही दिसते. तरी तेच.

माझा संशय वेगळाच आहे. संध्याकाळी लाइट गेली की वायफाय जातं, मग तो माझ्या मोबाइलवर बघतो, आणि तिथे लॉगिन माझं आहे. ती मिनिटं माझ्याच खात्यात गेली असतील का? तसं असेल तर ती त्याच्याकडे वळवता येतात का, की नव्याने बसावं लागेल? कुणाला असा अनुभव असेल तर कृपया आजच सांगा.