मदत हवी आहे: गोठ्यातल्या कॅमेऱ्याचं लाइव्ह चित्र ब्राउझरमध्ये मागे पडतं

मंडळी, गावी गोठ्यात कॅमेरा बसवलाय. तो आरटीएसपी (कॅमेऱ्याचं थेट चित्र नेटवर्कवरून पाठवायची पद्धत) देतो आणि ते ब्राउझरमध्ये थेट दिसत नाही, म्हणून तिथल्या कॉम्प्युटरवर एफएफएमपेग नावाचं सॉफ्टवेअर ४-४ सेकंदांचे एचएलएस तुकडे (ब्राउझरमध्ये एकामागोमाग चालवता येणारे छोटे व्हिडिओ) पाडतं. मी पुण्यात एचएलएस.जेएसच्या (हे तुकडे ब्राउझरमध्ये चालवणारा प्लेअर) साध्या पानावर बघतो. मागचं पाहता यावं म्हणून प्लेलिस्टमध्ये (तुकड्यांच्या यादीत) १० मिनिटांचे तुकडे ठेवलेत.

नेट मध्येच अडकतं, चित्र थांबतं आणि थोड्या वेळाने जिथे थांबलं तिथूनच पुढे चालू होतं. काल रात्री चित्राच्या कोपऱ्यात २:११ आणि माझ्या घड्याळात २:१५! कॅमेऱ्याचं घड्याळ एनटीपीवर आहे (नेटवरून आपोआप वेळ जुळवतं), ते चुकत नाही. थांबलेलं चित्र निदान कळतं तरी, हे हलत असतं त्यामुळे ताजंच वाटतं. म्हशीचे दिवस भरलेत. तिची उठबस सुरू झाली की फोन करून दादांना उठवायचं असतं. अशा वेळी चार मिनिटं फार होतात.

डेव्हलपर टूल्समध्ये पाहिलं. एम३यू८ (प्लेलिस्टची फाइल) वेळच्या वेळी येते, मीडिया सिक्वेन्सचा आकडाही (यादीतल्या पहिल्या तुकड्याचा क्रमांक) वाढतोय, म्हणजे कॅशमधली जुनी यादी येत नाहीये. रिफ्रेश केलं की सगळं ठीक. पण रात्रभर रिफ्रेश कोण मारणार? कृपया सुचवा.

प्रतिसाद १
मग गोठ्याकडची बाजू बरोबर आहे, प्लेअर मागे राहतोय. एचएलएस.जेएस सुरुवातीला ताज्या टोकापासून साधारण तीन तुकडे मागे असतो. नंतर किती मागे पडलेलं चालेल यावर त्याला मुळात मर्यादाच नसते. तुमच्या यादीत १० मिनिटं शिल्लक असल्यामुळे तो जुनं निवांत दाखवत राहतो. 'लाइव्हमॅक्सलेटन्सीड्युरेशनकाउंट' ही त्याची सेटिंग ६ करा. सहा तुकड्यांपेक्षा, म्हणजे २४ सेकंदांपेक्षा मागे पडला की उडी मारून पुढे येईल. मात्र हाताने मागे गेलात तरी तो तुम्हाला पुढेच ओढेल. मागचं पाहायला वेगळं पान ठेवा.

प्रतिसाद २
टॅब मागे असताना ब्राउझर त्याची कामं मंदावतो, तेही बघा. टॅब पुन्हा समोर आला की 'व्हिजिबिलिटीचेंज'वर (टॅब लपला-दिसला की ब्राउझर देतो ती सूचना) करंटटाइम, म्हणजे व्हिडिओची चालू जागा, थेट 'लाइव्हसिंकपोझिशन'ला, म्हणजे ताज्या टोकाजवळ न्या. आणि 'लेटन्सी'चा (चित्र किती सेकंद मागे आहे त्याचा) आकडा चित्रावरच दाखवा, ३० च्या वर गेला की लाल.

धागाकर्ता
दोन्ही केलं. वायफाय बंद करून पुन्हा लावलं, चित्र उडी मारून पुढे आलं आणि कोपऱ्यातली वेळ घड्याळाशी जुळली, फरक फक्त काही सेकंदांचा. मागचं पाहायला दुसरं पान केलंय. म्हैस अजून व्यायची आहे. मनापासून आभार.