गँग ऑफ फोर: गिटार इतकी तुटक का?

बासवाला_नाशिक:
बास शिकतोय. मित्राने गँग ऑफ फोर या बँडचा 'एन्टरटेन्मेंट!' हा अल्बम ऐकायला लावला. बास-ड्रम्सवर पाय आपोआप ठेका धरतात, पण गिटार मध्येच खर्रकन येते आणि गप्प होते. सोलो तर नाहीच. मुद्दाम आहे का हे? आणि पुढे काय ऐकू?

मृणाल_ड्रम्स:
मुद्दामच! माझा जीव आहे या बँडवर, म्हणून जरा लांबण लावते. इंग्लंडच्या लीड्समधली चार पोरं, अल्बम १९७९चा. गिटारवाला अँडी गिल ट्रान्झिस्टरचे अँप (अँप्लिफायर) वापरायचा, कारण जुन्या काचेच्या नळ्यांच्या व्हॉल्व्ह अँपचा उबदार आवाज त्याला नकोच होता. म्हणून गिटार पत्र्यावर खिळा ओढल्यासारखी कोरडी लागते. गाणं पुढे नेतात डेव्ह ॲलनचा बास आणि ह्यूगो बर्नहॅमचे ड्रम्स. फंकचा (नाचायला लावणाऱ्या अमेरिकन संगीताचा) ठेका, आणि डबसारख्या (जमैकाच्या रेगेतून आलेला प्रकार) मोकळ्या जागा. गिल त्या जागा भरत नाही, म्हणून तर पुढचा फटका अंगावर येतो.

याच अल्बममधलं 'अँथ्रॅक्स' हेडफोन लावून ऐकाच. आधी बराच वेळ गिटारचा नुसता फीडबॅक (अँपचा आवाज गिटारमध्ये परत शिरून होणारा), तोही बेसूर, किंचाळणारा. मग ड्रम्स. मग गायक जॉन किंग प्रेमाला अँथ्रॅक्स, म्हणजे गुरांचा रोग म्हणत गातो आणि त्याच वेळी गिल सपाट आवाजात बोलत असतो, की बहुतेक बँड प्रेमावरच गाणी का करतात. दोघांपैकी कोणाचं ऐकायचं ते आपण ठरवायचं.

जुना_कॅसेटवाला:
त्यांचा ताठा मला फार आवडतो. बीबीसीच्या 'टॉप ऑफ द पॉप्स' या टीव्हीवरच्या गाण्यांच्या कार्यक्रमात बोलावलं होतं, पण गाण्यातला निरोधचा उल्लेख बदला म्हणाले. यांनी बदलला नाही, कार्यक्रम सोडला. १९८२ साली ब्रिटन-अर्जेंटिनाचं फॉकलंड युद्ध पेटलं आणि सैनिकी गणवेशावरचं त्यांचं 'आय लव्ह अ मॅन इन युनिफॉर्म' बीबीसीने वाजवणं थांबवलं. गाणं चांगलं चालत होतं हो! १९८३चा 'हार्ड' हा अल्बम सोडून द्या, त्यात धार उरली नाही.

बासवाला_नाशिक:
मृणालताई, बासवर आधी कुठलं गाणं बसवू?

मृणाल_ड्रम्स:
'नॉट ग्रेट मेन'. नंतर १९८१चा 'सॉलिड गोल्ड' घ्या, तो जास्त जड आणि संथ आहे. त्यानंतर ॲलन बँड सोडून गेला आणि सारा ली आली. तिचा बास 'युनिफॉर्म'मध्ये ऐका, जास्त गुळगुळीत आहे. वाजवताना एकच बघा: सूर वेळेवर तोडा. बोट उचलायला उशीर झाला की गिलची जागा गेली.